आधी शपथ, मग बेत

मित्राने कुणाचा तरी जीव घ्यायचा बेत सांगितला तर ते गुपित राखावं का, यावरचा एक लेख वाचला. त्यातला तरुण आठवडाभर गप्प राहतो, कारण मित्राने "त्याला संपवणार आहे, कुणाला बोललास तर आपली मैत्री संपली" असं बजावलेलं असतं. या गप्प राहण्याला लेखात निष्ठा म्हटलंय, ते काही पटलं नाही. आधी शपथ घालायची आणि मग बेत सांगायचा, याला विश्वास टाकणं म्हणत नाहीत, सरळसरळ अडकवणं म्हणतात.

अमेरिकेत सीक्रेट सर्व्हिस आणि शिक्षण खात्याने १९७४ ते २००० या काळातल्या ३७ शाळा-हल्ल्यांचा अभ्यास केला होता. त्यातल्या सुमारे ८१ टक्के घटनांमध्ये कुणा ना कुणाला आधीच कुणकुण होती आणि ते बहुतेक मित्र, वर्गमित्र किंवा भावंडंच होते. म्हणजे करणारा बोलून दाखवतो. का बोलतो? माझा अंदाज, त्याच्या मनाचा एखादा कोपरा अडवणारा शोधत असतो. (अंदाजच, मी मानसतज्ज्ञ नाही.)

आता रागात "जीव घेईन" कोण म्हणत नाही! तेवढ्यावरून पोलिसांत धावू नये, हे मान्य. पण जागा ठरली, वेळ ठरली, हत्यार हाताशी आलं, तर ते बोलणं रागातलं राहिलं नाही. तिथे मित्राला तोंडावर सांगावं, "मी गप्प बसणार नाही," आणि खरंच बसू नये. तो तोंड बघणार नाही कदाचित. न बघो.

आणि एक खटकलं. ज्याच्या जिवावर बेतलं होतं, त्याच्यावर अख्ख्या लेखात एक ओळही नाही.