"मातीच तर आहे" म्हणणाऱ्या माणसा

आज दुपारी आमच्या गणपतीच्या कारखान्यात एक गिऱ्हाईक आलं, मूर्तीसाठी पाट द्यायला. बाबा आखणीला, म्हणजे मूर्तीचे डोळे रंगवायला बसलेले, आणि हा त्यांच्या खांद्यावरून मोबाईल पुढे घालून व्हिडिओ काढतोय. वर म्हणतो, "काका, किती वेळ लावता, मातीच तर आहे, दीड दिवसात बुडवायचाय." बाबा गप्प. माझं डोकं मात्र फिरलंय ते अजून ठिकाणावर नाही.

पेणचा गणपती म्हणजे त्याचे डोळे, हे तुम्हाला मी काय सांगणार. साच्यातून निघतो, सोंड-हात जोडतो, पावसात शाडू वाळता वाळत नाही, तडे बुजवा, पॉलिश पेपर मारा, रंग लावा, तोपर्यंत आम्ही त्याच्यासमोर चहा पितो, भांडतो, खुशाल इकडचा तिकडे ठेवतो. पण एकदा आखणी झाली की बाबा त्याच्याकडे पाठ करून बसत नाहीत. चतुर्थीला भटजी दूर्वेने डोळ्यांना तूप लावतात, प्राणप्रतिष्ठा तेव्हाच, शास्त्र मान्य आहे मला. आमच्या घरात तो त्याच्या आधीच बघायला लागलेला असतो.

मी सातवीत होते तेव्हाची गोष्ट. डावा डोळा आखून झाला आणि लाइट गेली. आई जेवायला बोलवत राहिली, बाबा उठेनात. म्हणाले, "एका डोळ्याने बघतोय गं तो, त्याला एकट्याला अंधारात कसा सोडू?" रात्रभर बसले तिथेच. सकाळी उजवा आखला आणि मग आंघोळीला गेले.

हो, पीओपीवाल्यांनाही पोट आहे. २०२५ मधे कोर्टाने प्लॅस्टर ऑफ पॅरिसच्या मूर्ती बनवायला परवानगी दिली, त्यावर पेणजवळच्या हमरापूर-जोह्यातली कितीतरी घरं चालतात, त्यांना असं रात्रभर बसून परवडणार नाही. ठीक आहे. पण म्हणून "मातीच तर आहे"?

तुम्ही निदान आरती करता, मोदक दाखवता, "पुढच्या वर्षी लवकर या" म्हणत पाण्यापर्यंत पोचवायला तरी जाता. बाबांना त्यातलं काहीच नाही. डोळे उघडले की चार दिवसात टेम्पो. तो एका डोळ्याचा गणपती गेला तेव्हा बाबा मागच्या पडवीत जाऊन उगाच ब्रश धूत बसले होते, धुतलेलेच ब्रश. मी बघितलंय ते.

राग आता जरा उतरलाय. त्या माणसाचा पाट बाबांनी ओल्या फडक्याने पुसला, खडूने त्याचं नाव लिहिलं, त्याने पसंत केलेली मूर्ती त्यावर ठेवली आणि आज रात्री तीच आखायला घेतलीय. डावा झालाय. मी पंखा बंद करून दारात बसलेय, हातात टॉर्च आहे.