भरीव टिंब, पोकळ टिंब

लेक अकरावीला गेल्यापासून रात्री जेवणानंतर तिच्या टेबलाजवळून जायचं मी टाळतो. मागच्या आठवड्यात पाण्याची बाटली भरायला म्हणून उठलो आणि सापडलो.

"बाबा, हे एक बघ ना."

वहीत होतं: −७ < ५ − ३क्ष ≤ १४. लोकलमध्ये चौथ्या सीटवाल्यानं मधल्याला दाबावं तसा बिचारा क्ष दोन्हीकडून चेपला होता. आमच्या वेळी सरळ बरोबरचं चिन्ह असायचं. क्ष काढला, खाली दोन रेघा मारल्या, वही बंद. इथे उत्तर म्हणून अख्खी वस्ती निघते आणि ती नंबर लाइनवर रंगवून दाखवायची.

तरी बापाच्या रुबाबात बसलो. तिन्ही ठिकाणांहून ५ वजा केले: −१२ < −३क्ष ≤ ९. मग सगळ्यांना −३ नं भागलं: ४ < क्ष ≤ −३. पट्टीनं रेघ ओढली. ४ वर पोकळ टिंब काढून उजवीकडे रंगवलं, −३ वर भरीव टिंब काढून डावीकडे. मानपानावरून बिनसलेल्या व्याह्यांसारखे दोन्ही बाण एकमेकांकडे पाठ करून निघाले. आता मला ४ पेक्षा मोठी आणि −३ च्या पुढे न जाणारी संख्या हवी होती. पंधरा मिनिटं शोधली. मग सुचलं, मधल्या 'आणि'चा 'किंवा' करून टाकू, दोन्ही बाजू खूश! दोन वर्षं सोसायटीचा सेक्रेटरी होतो मी; ठराव असेच पास होतात.

"बाबा, निगेटिव्हनं भागलं की चिन्हं उलटतात," लेक जांभई देत म्हणाली.

"का म्हणून?"

"पाच रुपये दोनपेक्षा जास्त. पण उधारी असेल तर? पाचची बरी की दोनची?"

उधारीचं लगेच पटलं. चिन्हं उलटली: −३ ≤ क्ष < ४. व्याही समोरासमोर आले, मधली जागा रंगली.

ही चिन्हं थॉमस हॅरियट या इंग्रज गणितज्ञाच्या ग्रंथात १६३१ साली छापून आली. तोवर त्याला जाऊन दहा वर्षं झाली होती, म्हणजे शंका विचारायची सोय नाही. त्यांच्याखाली 'किंवा तेवढंच' सांगणाऱ्या रेघा प्येर बुगे या फ्रेंचानं जोडल्या, त्या १७३४ मध्ये. टोकावरच्याला आत घ्यायचं की नाही, हे ठरवायला शंभरेक वर्षं! आमच्या सोसायटीत पार्किंगचं असंच चाललंय.

"पोकळ टिंब म्हणजे रे काय?" कॉटवरून अण्णा.

"३.९ चालेल, ३.९९९ चालेल. पण ४ आला की दारातूनच परत."

अण्णा उठून बसले. "एसटीत ६५ पासून अर्धं तिकीट आणि ७५ वर्षांवरील फुकट. मंगळवारी मला ७५ पूर्ण. मंगळवारीच साताऱ्याला जायचंय. माझं टिंब कुठलं?"

लेक म्हणाली, "वरील म्हणजे पोकळ. आजोबा, तुम्ही बाहेर."

मी म्हटलं, "असं कसं? ७५ पूर्ण झाल्यावर एक मिनिट जरी उलटलं तरी माणूस वर गेलाच."

"शब्द जपून वापर," अण्णा म्हणाले.

"अण्णा, जन्म किती वाजताचा?"

"पहाटे पाचचा. आई सांगायची, दूधवाला यायच्या आधी."

"आणि गाडी?"

"सातची."

दोन तासांनी का होईना, अण्णा टिंबाच्या उजवीकडे पडत होते. लेकीनं नाइलाजानं मान्य केलं. सोमवारी रात्री त्यांनी तिच्याकडून वहीचं एक पान मागून घेतलं: रेघ, त्यावर ७५, पोकळ टिंब, उजवीकडे बाण आणि टिंबाला अगदी खेटून लाल पेनानं एक ठिपका, 'अण्णा, सकाळी सात'. घडी घालून ते आधार कार्डामागे ठेवलं.

"कंडक्टरनं विचारलंच तर," ते म्हणाले, आणि तिकिटाचे सुटे पैसेही खिशात टाकले.