नोटरीच्या शिक्क्याने दावा मिटत नाही

परवा आत्याचा फोन. "मग आता तारखेला जायला नको ना?" हद्दीचा दावा शेजाऱ्याने लावलेला, आत्या प्रतिवादी, आणि तडजोडीचं बोलणं नुकतंच जुळत आलेलं. त्यात नेमका तो फिरता मेसेज तिच्यापर्यंत पोचला: 'दावा आपसात मिटवायचाय? स्टँप पेपरवर लिहा, नोटरी करा, केस आपोआप बंद. वकील नको. नंतर पटलं नाही तर अपील करा. कोर्ट फी मात्र बुडाली समजा.'

'आपोआप' म्हणे! नोटरी कोर्टाला काही कळवत नाही. दावा बोर्डावर (कोर्टाच्या कामाच्या यादीत) तसाच राहतो, तारखेला पुकारा होतो. समजा, शेजाऱ्याने आत्याची सही घेतली आणि तारखेला एकटाच जाऊन उभा राहिला. दावा एकतर्फी चालेल, हुकूमनामाही (दाव्याचा निकाल देणारा कोर्टाचा आदेश) होईल. तो रद्द करून घ्यायला 30 दिवसांत अर्ज करायचा आणि गैरहजेरीचं पुरेसं कारण पटवून द्यायचं. 'मेसेजमध्ये वाचलं होतं' हे कारण कोर्टात सांगून बघा. वादीने तरी खूश होऊ नये: तो गैरहजर आणि प्रतिवादी हजर असेल, तर दावा काढून टाकला जातो आणि त्याच कारणावर नवा लावता येत नाही.

खरा रस्ता दिवाणी प्रक्रिया संहितेत आहे, आदेश 23, नियम 3. तडजोड कायदेशीर हवी, लेखी हवी, त्यावर पक्षकारांच्या सह्या हव्यात (लेखी आणि सहीची अट 1976च्या दुरुस्तीने आली), आणि ती कोर्टापुढे यायला हवी. कोर्ट ती नोंदवून घेतं आणि त्याप्रमाणे हुकूमनामा करतं. आपल्याकडे तडजोड पुरशिस म्हणतात ती हीच, कोर्टापुढे ठेवलेली लेखी तडजोड. समोरचा पुढे फिरला तर याच हुकूमनाम्यावर दरखास्त (अंमलबजावणीचा अर्ज) लावता येते.

एवढं मात्र कबूल करतो की बाहेर लिहिलेला कागद अगदीच रद्दी नसतो. तो कोर्टात दाखल करता येतो, आणि समोरचा 'तडजोड झालीच नाही' म्हणाला तर त्याचा निर्णय तेच कोर्ट करतं. पण म्हणजे कोर्टात जावं लागलंच ना? वकिलाशिवाय चालतं, हेही खरं. फक्त एखादा पक्षकार अज्ञान (अल्पवयीन) असेल, तर त्याच्या वतीने तडजोड करायला कोर्टाची परवानगी लागते. मेसेजवाल्याला याचा पत्ताच नाही.

अपिलाचं तर उलटंच आहे. संमतीने झालेल्या हुकूमनाम्यावर अपील नाही, कलम 96(3). तडजोड बेकायदा होती म्हणून वेगळा दावाही लावता येत नाही. फसवणूक झाली असेल तर त्याच कोर्टाकडे अर्ज करायचा. म्हणून सही करण्याआधी कागद दोनदा वाचायचा.

आणि कोर्ट फी? लोकअदालतीत मिटलं तर ती परत मिळते, 1987च्या विधी सेवा प्राधिकरण कायद्याचं कलम 21.

आत्याला सांगितलंय, तारखेला जायचं. शेजाऱ्यालाही सोबत घेऊन जायचं.