क्रॉफर्ड साहेब आणि त्याचे मामलेदार

"इंग्रजांच्या काळात असा भ्रष्टाचार नव्हता हो" हे वाक्य प्रत्येक फॅमिली ग्रुपवर कुणीतरी टाकतंच, आणि मला दर वेळी आर्थर क्रॉफर्ड आठवतो. हो, क्रॉफर्ड मार्केटवालाच.

माणूस कर्तबगार होता, हे आधी मान्य करूया. १८६५ साली मुंबईचा पहिला म्युनिसिपल कमिशनर झाला, तेव्हा शहर घाणीत बुडालेलं होतं. त्याने गटारं, रस्ते, साफसफाई सगळं धडाक्यात हाती घेतलं, १८६९ ला ते देखणं मार्केट उभं राहिलं. पण पैसा असा उधळला की कर भरणारे लोक खवळले आणि १८७१ मधे मोठा गदारोळ झाला. तेव्हा तरुण फिरोजशहा मेहतांनी क्रॉफर्डच्या कामाची बाजू घेतली, आणि त्याच्यावर लक्ष ठेवायला लोकांनी निवडलेले सभासद पाहिजेत असंही ठणकावलं. मला तर हा त्या वादातला सगळ्यात शहाणा मुद्दा वाटतो. १८७२ च्या कायद्याने निवडून आलेले सभासद आलेसुद्धा.

पण मुंबईत जो धडा शिकले तो बाहेर कुणी लावलाच नाही ना! हाच साहेब पुढे पुण्याला मध्य विभागाचा कमिशनर, मामलेदारांच्या बदल्या बढत्या त्याच्या हातात, स्वतः गळ्यापर्यंत कर्जात, आणि मधे हणमंतराव नावाचा माणूस जो साहेबाच्या नावाने पैसे गोळा करायचा. नको तिथली बदली टाळायची तर पैसे, बढती हवी तर पैसे. १८८८ ला गव्हर्नर लॉर्ड रे यांनी चौकशी लावली. हणमंतराव तुरुंगात गेला. साहेबावरचे लाचेचे आरोप मात्र चौकशी कमिशनने सिद्ध धरले नाहीत, फक्त हाताखालच्या लोकांकडून कर्ज घेतल्याचं धरलं, आणि त्यावरून त्याची नोकरी गेली.

मला खरा राग येतो तो पुढच्या भागाचा. मामलेदारांना सरकारने शब्द दिला होता की खरं सांगा, तुम्हाला काही होणार नाही. त्यांनी भर चौकशीत कबूल केलं की आम्ही पैसे दिले. मग विलायतेत ओरड झाली की लाच देणारे अधिकारी खुर्चीवर कसे, आणि शब्द फिरला, त्यातल्या काहींना घरी बसवलं. टिळक तेव्हा तिशीतले, १८८९ मधे पुण्यात सभा घेऊन ते या मामलेदारांसाठी उभे राहिले. लाच देणं चूकच, पण ज्याच्या हातात तुमचं पोट आहे तो मागतोय तेव्हा गावाकडचा एक मामलेदार करणार काय, आणि सरकारच्या भरवशावर तोंड उघडलेल्या माणसाला नंतर तुम्हीच शिक्षा करणार असाल तर पुढच्या वेळी साक्ष कोण देईल?

लहानपणी आम्हाला टिळकांचे शेंगा आणि टरफलंच सांगितली. त्याऐवजी हे क्रॉफर्ड प्रकरण शाळेत शिकवा, त्यात खरे टिळक दिसतात.