स्थानबद्ध माणसालाही राज्यघटना लागू असते

‘एमपीडीए किंवा रासुका लागला की राज्यघटना संपली. कारण सांगत नाहीत, वकील मिळत नाही, कोर्टात जाता येत नाही, वर्षभर आतच.’ हा मेसेज सध्या जोरात फिरतोय. एमपीडीए हा महाराष्ट्राचा आणि रासुका, म्हणजे राष्ट्रीय सुरक्षा कायदा, हा केंद्राचा. दोन्हींत खटला न चालवता माणसाला आत ठेवता, म्हणजे स्थानबद्ध करता येतं. घरातला माणूस उचलून नेलाय आणि हाती हा मेसेज आलाय, अशी कुटुंबं हातपाय गाळून बसतात आणि पहिले मोलाचे दिवस फुकट जातात. म्हणून एकेक मुद्दा घेतो.

‘कारण सांगत नाहीत’ हे साफ चूक आहे. राज्यघटनेच्या अनुच्छेद २२(५) प्रमाणे स्थानबद्धतेची कारणं लवकरात लवकर कळवावीच लागतात आणि त्याविरुद्ध निवेदन करण्याची संधी द्यावीच लागते. एमपीडीए कायद्यात त्यासाठी ५ दिवसांची मुदत आहे. आणि कळवणं म्हणजे कागदांचा गठ्ठा हातात कोंबून सही घेणं नव्हे. १९६१ साली नागपूरच्या हरिकिसन यांना स्थानबद्ध केलं, तेव्हा कारणं इंग्रजीत दिली होती. मला इंग्रजी येत नाही, हिंदीत द्या, असं त्यांनी मागितलं. सरकारचं म्हणणं, आदेश बजावताना तोंडी समजावून सांगितलंय की! कारणं होती टाइप केलेली चौदा पानं, त्यांत तेरा वर्षांच्या हालचाली आणि कितीतरी कोर्टकेसेस. एवढं एकदा ऐकून कोण लक्षात ठेवणार आणि उत्तर कशाचं देणार? १९६२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तोंडी भाषांतर पुरेसं मानलं नाही आणि हरिकिसन सुटले.

काही तपशील लोकहितासाठी राखून ठेवायची मुभा २२(६) देतं, हे खरं. गोपनीय साक्षीदारांच्या इन-कॅमेरा, म्हणजे बंद दाराआड घेतलेल्या, जबाबांत नावं झाकलेली असतात ती म्हणूनच. पण कारणंच झाकता येत नाहीत.

निवेदन कुणाकडे करायचं, हेही सांगावं लागतं. एमपीडीएचा आदेश पोलीस आयुक्त किंवा जिल्हाधिकाऱ्यांनी काढला असेल, तर राज्य सरकारची मंजुरी येईपर्यंत खुद्द त्यांच्याकडेही निवेदन करता येतं. हे स्थानबद्ध व्यक्तीला कळवलं नव्हतं, तेवढ्यावरून २०००च्या संतोष आचार्य प्रकरणात महाराष्ट्र सरकार सर्वोच्च न्यायालयात हरलं.

वकिलाचा मुद्दा अर्धा खरा आहे. २४ तासांत दंडाधिकाऱ्यांपुढे हजर करणं आणि वकिलाचा सल्ला, हे दोन्ही हक्क २२(३) इथे काढून घेतं. सल्लागार मंडळापुढे, म्हणजे स्थानबद्धतेला पुरेसं कारण आहे का हे तपासणाऱ्या मंडळापुढे, वकील हा हक्क नाही, असं सर्वोच्च न्यायालयाच्या १९८१च्या ए. के. रॉय निकालात ठरलं. पण सरकारने आपल्या बाजूने वकील उभा केला, तर समोरच्यालाही तो द्यावा लागतो. वकिली न करणारा मित्र सोबत घेता येतो, हेही त्याच निकालात आहे. निवेदन मात्र वकिलाकडून लिहून घ्यायला काहीच आडकाठी नाही.

‘कोर्टात जाता येत नाही’ हे १९७६ साली, आणीबाणीत, खरोखर घडलं होतं. जबलपूरच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाच्या पाचपैकी चार न्यायमूर्तींनी स्थानबद्धांसाठी कोर्टाचा दरवाजा बंद केला, न्या. एच. आर. खन्ना एकटे विरोधात उभे राहिले. तो निकाल २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने स्वतःच मोडीत काढला. आज जामीन मागता येत नसला, तरी हेबियस कॉर्पस याचिका, म्हणजे माणसाला आत ठेवणं कायदेशीर आहे का हे तपासा अशी मागणी, उच्च न्यायालयात अनुच्छेद २२६ खाली आणि सर्वोच्च न्यायालयात अनुच्छेद ३२ खाली करता येते. तिथे तपासतात ते हे, की कृत्याने सार्वजनिक सुव्यवस्था बिघडत होती का. दोघांची मारामारी झाली तर कायदा मोडला, पण तेवढ्याने सार्वजनिक सुव्यवस्था बिघडतेच असं नाही. १९६५ पासून, राम मनोहर लोहिया यांच्या खटल्यापासून, हा फरक पक्का आहे. नेहमीचा खटला पुरेसा असताना स्थानबद्धता वापरली म्हणून कितीतरी आदेश रद्द झालेत.

‘गुंडाला कसले हक्क?’ असंही त्याच मेसेजखाली लिहिलेलं दिसतं. अहो, इथे खटलाच होत नाही. तो गुंड आहे हे कुठल्याही कोर्टात सिद्ध न करता त्याला आत ठेवलेलं असतं. मग तपासायला उरतात ते हेच कागद आणि ह्याच मुदती.

राहिलं वर्ष. १२ महिने ही कमाल मर्यादा आहे. तीन महिन्यांपुढे ठेवायचं तर सल्लागार मंडळाचा होकार लागतो. एमपीडीएत प्रकरण तीन आठवड्यांत मंडळाकडे आणि अहवाल सात आठवड्यांत सरकारकडे गेला पाहिजे. मंडळाने पुरेसं कारण नाही म्हटलं की सोडावंच लागतं. १९७८च्या ४४व्या घटनादुरुस्तीने तीन महिन्यांचे दोन केले होते. संसदेने मंजूर केलेलं ते कलम एकाही सरकारने आजवर अमलात आणलेलं नाही, आणि याची चीड मला आजही येते.

कारणांची प्रत कधी मिळाली, निवेदन कधी दिलं, उत्तर कधी आलं, हे तारखेसकट लिहून ठेवा. वेळेत उत्तर न दिल्यानेच बरेच आदेश कोर्टात पडतात.