सहा बिस्किटं दे बरं

रविवारी संध्याकाळी डहाणू स्टेशनबाहेरच्या टपरीवर दीपक, सुभाष नि मी बसलो होतो. मन्या आला तो तोंड पाडूनच. बरोबर त्याची चार वर्षांची लेक चिऊ, हातात तिचं ज्युनिअर केजीचं प्रगतीपुस्तक. अंक: ए प्लस. लेखन: सुधारणेची गरज. खाली सूचना, रोज दोन पानं लिहून घ्या.

"पन्नासपर्यंत धडाधड म्हणते रे. पण अक्षर काढ म्हटलं की पेन्सिल भिरकावते."

दीपक दवाखान्यात एक्सरे काढतो, त्यामुळे जगातल्या सगळ्या भानगडी त्याला हाडांत दिसतात. "मनगटात आठ हाडं असतात. जन्मलेल्या बाळाच्या एक्सरेत त्यातलं एकही दिसत नाही, सगळी मऊ कूर्चा. हिच्या वयाला तीन-चार दिसतील."

"म्हणजे हाडं नाहीत म्हणून लिहीत नाही?"

"तसं नाही म्हणत मी. बोटांत जोर यायला हवा, डोळ्याचा नि हाताचा मेळ बसायला हवा. ते कणीक मळून, माती थापून, मणी ओवून येतं. तुझ्या दोन पानांनी पेन्सिलीचा तिटकारा तेवढा येईल."

"आणि पहिलीत? बाकीची पोरं वाक्यं लिहीत असतील, ही ढ ठरेल."

मन्याची भीती खोटी नव्हती. शाळा लिहायला लावते कारण पालकांना भरलेली वही दिसायला हवी असते. पालक वही मागतात, कारण शेजारच्या पोराची भरलेली असते.

तेवढ्यात सुभाषला न्यायला वहिनी आल्या. त्या अंगणवाडी सेविका. प्रगतीपुस्तक त्यांनी नुसतं चाळलं आणि बिस्किटांचा पुडा चिऊपुढे धरला. "चिऊ, मला सहा बिस्किटं दे बरं."

चिऊनं मूठभर दिली. नऊ निघाली. "मोज पाहू." बोट तिसऱ्या बिस्किटावर, तोंड पाचावर, नऊ बिस्किटांची बारा झाली. मन्याचा चेहरा आणखी उतरला.

"अहो, काही बिघडलेलं नाही. आकड्यांचं गाणं आधी पाठ होतं. एका वस्तूला एकच आकडा, आणि शेवटचा आकडा म्हणजे एकूण किती, हे मागाहून उमगतं. ते तिचं चाललंय. पण हा ए प्लस गाण्याला मिळालाय, मोजण्याला नाही."

"आपणही परीक्षाच घेतली की तिची," मी म्हणालो.

"एवढ्यावर शेरा मारला तर परीक्षा. मी उद्या तिला ताटल्या वाटायला लावीन, परवा शिंपले. मग सांगेन." २०२२ साली आलेल्या पायाभूत स्तराच्या राष्ट्रीय अभ्यासक्रम आराखड्यातही हेच आहे, म्हणाल्या; तीन ते सहा वयाला परीक्षा नकोच, मूल काय करतं ते बघा, त्यानं केलेल्या वस्तू जपा.

सुभाष उसळला. "आराखड्याला काय जातंय! हिला वजनं घ्यायची, उंची मापायची, मोबाइलवर पोषण ट्रॅकर भरायचा, आहार, गृहभेटी. पोरांकडे बघणार कधी?"

वहिनी गप्प झाल्या. मग म्हणाल्या, "रोज तिघांचं लिहिते, रात्री. जमलं तर."

खरी अडचण सुभाषनं सांगितली, असं मला वाटतं. बघायला माणूस लागतं आणि त्या माणसाला वेळ. चाचणीला तो लागत नाही, म्हणूनच ती टिकून आहे.

आणि हे आपल्याकडे पहिल्यांदा ऐकतोय असंही नाही. ताराबाई मोडकांनी १९४५ साली बोर्डीत बालशिक्षणाचं काम सुरू केलं, बरोबर अनुताई वाघ. १९५७ साली ते इथं डहाणूजवळ कोसबाडच्या टेकडीवर आलं. पाड्यांवरची मुलं बालवाडीत येईनात, तर त्यांनी बालवाडीच पाड्यावरच्या अंगणात नेली. महागडी साधनं परवडणारी नव्हती, मग खडे, बिया, पानं. गुरांमागे जाणाऱ्या मुलांसाठी कुरणशाळा. मूल जिथं आहे तिथून सुरुवात. आपण टेकडीच्या पायथ्याशी राहून इंग्रजी अक्षरांची पानं भरून घेतोय.

"ते ठीक," मन्या म्हणाला, "पण उद्या सही करून पाठवायचंय. करू की नको?"

"सही कर," दीपक म्हणाला. "दोन पानांचं मी बोलतो मॅडमशी."

"तू? एक्सरे घेऊन जाशील!"

या गडबडीत चिऊनं पुडा टपरीखालच्या कुत्र्यापुढे रिकामा करत आणला होता.

"किती दिली गं त्याला?" वहिनींनी विचारलं.

"संपली," चिऊ म्हणाली.