हॅन्सबेरीच्या नाटकाला 'राजकारण नसलेलं' म्हणणाऱ्यांसाठी

भाचीच्या नाट्यशिबिराच्या ग्रुपवर एक संदेश फिरतोय. कृष्णवर्णीय अमेरिकन लेखिका लॉरेन हॅन्सबेरीचं 'अ रेझिन इन द सन' हे नाटक कृष्णवर्णीयांचं नाहीच, कुठल्याही कुटुंबाचं आहे, त्यातल्या यंगर कुटुंबाला गोऱ्यांच्या शेजाराची हौस, शेवट गोड, लेखिकेला राजकारण नको होतं, आणि तिच्या वडिलांनी खटला जिंकून गोऱ्या वस्त्यांची दारं उघडली. वाचून मुलं तशीच तालीम करणार, म्हणून हे लिहितोय.

हौस? संहिता उघडा. वारलेल्या वडिलांच्या विम्याचे १०,००० डॉलर येतात. मामा, म्हणजे घरातली आई, त्यातले ३,५०० क्लायबोर्न पार्क या गोऱ्यांच्या वस्तीतल्या घरासाठी भरते. का, तेही ती सांगते: कृष्णवर्णीयांसाठी लांबवर बांधलेली घरं जवळपास दुप्पट महाग पडतात. उरलेले ६,५०० मुलगा वॉल्टरच्या हाती. त्यातले ३,००० त्याची बहीण बेनीथाच्या डॉक्टरकीच्या शिक्षणाचे. तो सगळेच दारूच्या दुकानाच्या भागीदारीत घालवून बसतो. पैसे बुडाल्याचं कळण्याआधीच घर परत घ्यायला जास्त पैसे देऊ करणारा, त्या वस्तीतल्या गोऱ्या रहिवाशांचा प्रतिनिधी लिंडनर येतो, अगदी गोड बोलत. 'कुठल्याही कुटुंबा'च्या दारात असा माणूस येतो का?

नाटक सगळ्यांना भिडतं, हे मात्र खरं. पण सार्वत्रिक लिहायचं तर नेमक्या तपशिलाकडे लक्ष द्यावं लागतं, असं हॅन्सबेरीनेच १९५९ साली सांगितलं होतं.

गोड शेवटाचा भास कापाकापीमुळे होतो. १९५९च्या ब्रॉडवेवरच्या (न्यूयॉर्कच्या व्यावसायिक रंगभूमीवरच्या) प्रयोगात दोन महत्त्वाच्या जागा गळल्या. एक, शेजारीण मिसेस जॉन्सन: कृष्णवर्णीयांच्या घरावर बॉम्ब पडल्याची बातमी असलेलं वर्तमानपत्र ती घेऊन येते. तो प्रसंग गेला की सामान हलवणं म्हणजे नुसता गृहप्रवेश वाटतो. दुसरी, बेनीथाने केस नैसर्गिक ठेवण्याची. तिचा नायजेरियन मित्र असागाई पहिल्या अंकात तिच्या सरळ केलेल्या केसांवर टोकतो. दुसऱ्या अंकातलं उत्तर कापलं की तो टोमणा अधांतरी राहतो, आणि तिच्यामागे असलेल्या श्रीमंत जॉर्ज मर्चिसनशी तिचा वादही बोथट होतो. करायचंच असेल तर दोन्ही जागा असलेली संहिता घ्या.

राजकारण नको होतं म्हणे. हॅन्सबेरी कृष्णवर्णीय गायक-अभिनेता आणि कार्यकर्ता पॉल रोबसनच्या 'फ्रीडम' वृत्तपत्रात काम करत होती, आणि एफबीआय या अमेरिकी तपाससंस्थेने माणूस पाठवून हे नाटक पाहिलं होतं.

खटल्याचं अर्धं खरं आहे. हॅन्सबेरी विरुद्ध ली, १९४०, गोऱ्या वस्तीत घर घेण्यावरून: वडील जिंकले, पण मुद्दा एवढाच होता की आधीच्या एका खटल्याचा निकाल त्यांना बांधत नाही. कृष्णवर्णीयांना घर न विकण्याचे करार न्यायालयांनी अमलात आणणं थांबलं ते १९४८ साली, शेली विरुद्ध क्रेमर निकालाने.